फॅट मशीनचा आकडा कुणी तपासायचा? एका दूध संकलन केंद्राचं प्रकरण

संगमनेर-अकोले पट्ट्यातल्या एका गावात दूध मोजण्याची पद्धत बदलली. त्यातून वाद झाला आणि तो काही अंशी मिटला. त्याची ही हकिगत. गाव, डेअरी आणि माणसं यांची नावं गाळली आहेत. जिच्या तक्रारीपासून हे सुरू झालं त्या बाईंना आपण नुसतं काकू म्हणू. गावही त्यांना त्याच नावाने ओळखतं.

पार्श्वभूमी

या भागात शेतीपेक्षा गोठ्याचा पैसा भरवशाचा. विहिरीला पाणी असो नसो, दूध दोन वेळा निघतं आणि दर दहा दिवसांनी पगार होतो. दुधाच्या बिलाला इथे पगारच म्हणतात. गोठ्यात बहुतेक एचएफ (होल्स्टीन फ्रिजियन), काही जर्सी, म्हणजे विदेशी जातींच्या संकरित गाई. संकरित गाई महाराष्ट्राच्या खेड्यांत पसरल्या त्यामागे बाएफचा वाटा मोठा आहे. मणिभाई देसाईंनी ही संस्था १९६७ मध्ये उरुळी कांचनला सुरू केली. आज या गावातल्या तरण्या पोरांना गावठी गाय फक्त पोळ्याच्या मिरवणुकीत दिसते.

मशीन येण्याआधी केंद्रावर लॅक्टोमीटर, म्हणजे दुधाची घनता दाखवणारी नळी, होतं. दुधात बुडवायचं, डिग्री बघायची, वहीत लिटर लिहायचे. डिग्री बरी असली की सगळ्यांना एकच भाव. या पद्धतीत मोठी खोट होती. दुधात पाणी घातलं की डिग्री उतरते आणि मलई काढली की चढते. दोन्ही बेताने केलं तर लॅक्टोमीटर काहीच सांगत नाही. शिवाय बुडवलेल्या नळीवरचा आकडा वाचणारा माणूस गावातलाच. कुणाचं दूध नाकारायचं आणि कुणाचं चालवून घ्यायचं, हे तो माणूस बघून ठरवायचा. ज्यांच्या घरचा माणूस ग्रामपंचायतीत किंवा सोसायटीत, त्यांची डिग्री कधी कमी भरली नाही.

मग डेअरीने फॅट मशीन, इलेक्ट्रॉनिक काटा, संगणक आणि छोटा प्रिंटर दिला. सभासदाचा कोड दाबला, नमुना मशीनच्या नळीला लावला की मिनिटाच्या आत फॅट (स्निग्धांश), एसएनएफ (फॅट सोडून दुधातले बाकीचे घन पदार्थ), लिटर, भाव आणि रक्कम छापलेली चिठ्ठी हातात. तोच मजकूर मोबाइलवर. पगार थेट बँकेत.

पहिले काही महिने लोक खूश होते आणि त्याला कारण होतं. चांगली पेंड घालणाऱ्याला चांगला भाव मिळू लागला. वशिल्याच्या दुधाचा फॅट २.८ निघाला तेव्हा केंद्रावर उभ्या असलेल्या सगळ्यांनी तो पडद्यावर पाहिला. पुढे जे घडलं ते वाचताना ही गोष्ट विसरू नये असं मला वाटतं. मशीनने गावातला एक जुना अन्याय खरोखर संपवला होता.

अडचण

उन्हाळा लागला आणि चिठ्ठ्यांवरचे आकडे घसरले. गाईच्या दुधाचा भाव ३.५ फॅट आणि ८.५ एसएनएफ धरून ठरतो. त्याच्या खाली गेलं की पॉइंटमागे कपात. ०.१ म्हणजे एक पॉइंट. या डेअरीच्या दरपत्रकात फॅटच्या पॉइंटला ३० पैसे कापले जात, पण एसएनएफच्या पॉइंटला १ रुपया. त्यामुळे एसएनएफ ८.५ वरून ८.२ वर आला की लिटरमागे ३ रुपये गेले. रोज २० लिटर घालणाऱ्याचे महिन्याला १,८०० रुपये. एवढ्या पैशांत सरकी पेंडेचं पोतं येतं.

काकूंच्या गोठ्यात तीन गाई. त्यांची चिठ्ठी ३.३ आणि ८.१ दाखवू लागली. शेजारच्या वस्तीवर त्यांची नणंद दुसऱ्या डेअरीला दूध घालते. चारा जवळपास तोच, गाई त्याच जातीच्या, आणि तिला ३.६ आणि ८.४. काकूंनी कुणाला न सांगता एक केलं. सकाळी एकाच बादलीतलं दूध ढवळून दोन किटल्यांत भरलं. एक किटली आपल्या कोडवर घातली, दुसरी सुनेच्या कोडवर. मधे बरीच माणसं रांगेत होती. आकडे वेगळे आले.

“भाऊ, एकाच बादलीतलं दूध. दोन आकडे कसे?”

“काकू, मी काय करू? मशीन दाखवतं तेच छापून येतं.”

केंद्रचालक खोटं बोलत नव्हता. पण त्याचं हे वाक्य गावभर फिरलं आणि त्याचा अर्थ प्रत्येकाने आपापला लावला. ‘मशीन सेट करून ठेवलंय’ ही अफवा आठवड्याच्या बाजारापर्यंत पोचली. जुन्या काळी भांडण माणसाशी करता येत होतं. आता समोर आकडा होता आणि आकडा कुठून येतो हे कुणालाच माहीत नव्हतं.

केंद्रचालकाची बाजूही समजून घ्यायला हवी. त्याला लिटरमागे कमिशन मिळतं. त्याच्या केंद्राचं सगळं दूध डेअरीच्या दारात पुन्हा तपासलं जातं. तिथे फॅट कमी भरला तर फरक त्याच्या खात्यातून जातो. मशीनची मांडणी बदलण्याचा पासवर्ड डेअरीच्या इंजिनिअरकडे. म्हणजे गावाच्या लेखी मशीन त्याचं, आणि त्याच्या लेखी डेअरीचं.

समोर असलेले पर्याय

मारुतीच्या देवळात बैठक झाली. पहिली सूचना आली दूध बंद करण्याची. ती फार टिकली नाही. गाय दोन वेळा पिळावीच लागते आणि दूध ठेवायला गावात शीतकरणाची सोय नाही. त्याहून मोठी अडचण उचलीची. गाय घेण्यासाठी, पेंडेसाठी अनेकांनी डेअरीकडून उचल घेतली होती आणि ती पगारातून वळती होत होती. उचल असलेला माणूस बैठकीत बोलला नाही. त्याच्या गप्प बसण्यावरूनच पुढचे बरेच निर्णय ठरले.

दुसरी सूचना डेअरी बदलण्याची. पण दुसऱ्या डेअरीचं केंद्र लांबच्या वस्तीवर आणि तिचं दरपत्रकही जवळजवळ तसंच. शिवाय तिच्याही मशीनवर विश्वास का ठेवायचा, हा प्रश्न एका म्हाताऱ्या बाबांनी विचारला. त्याचं उत्तर कुणाकडे नव्हतं.

तिसरी सूचना सरकारी तक्रारीची. वजन-मापं तपासणाऱ्या वैधमापन विभागाकडे अर्ज गेला. निरीक्षक आले, त्यांनी काटा तपासला आणि फॅट मशीन आपल्या तपासणीत येत नाही असं सांगून गेले. भेट वाया गेली नाही. काटा १०० मिलीच्या टप्प्याने मोजत होता आणि वरचे थेंब सोडून देत होता. दर वेळी सरासरी ५० मिली सुटले, तर दोन वेळांचे १०० मिली, वर्षाचे ३६ लिटर. हा तोटा दर घरामागे होता आणि कुणाच्या ध्यानातही नव्हता. काटा १० मिलीवर आणून घेतला. पण मूळ दुखणं तसंच राहिलं. मिल्कोमीटर, म्हणजे हेच फॅट मशीन, तपासणारी स्वतंत्र यंत्रणा हवी ही मागणी राज्यातल्या शेतकरी संघटना करत आल्या आहेत. ती का करतात, ते या भेटीत गावाला कळलं.

चौथा पर्याय काकूंच्या प्रयोगातूनच निघाला होता. मशीनचा आकडा दुसऱ्या पद्धतीने पडताळून पाहायचा. गावात पूर्वी सहकारी दूध संस्था होती, ती बंद पडून जमाना झाला. तिचे सचिव हयात होते आणि त्यांना फॅट मोजण्याची जुनी गर्बर पद्धत येत होती. ते म्हणाले, साहित्य आणा, मी करून दाखवतो. बैठकीतल्या तरुणांना हे कालबाह्य वाटलं. बायकांनी मात्र उचलून धरलं. त्यांचं म्हणणं साधं होतं, जे डोळ्यांनी दिसेल ते आधी करू.

माझ्या मते प्रकरणाचं वळण इथे आहे. मशीन हटवा किंवा मशीन माना, या दोनच टोकांवर बैठक अडली असती तर उचलवाले गप्प राहिले असते आणि बाकीचे फुटले असते. पडताळणीला मात्र कुणाचाच विरोध असण्याचं कारण नव्हतं. केंद्रचालकालाही ती हवी होती.

काय केलं

गर्बर पद्धतीत काचेच्या ब्यूटिरोमीटरमध्ये १० मिली गंधकाम्ल, १०.७५ मिली दूध आणि १ मिली अमाइल अल्कोहोल घालतात. आम्ल बाकी सगळं विरघळवतं, फॅट सुटा होतो. नळी सेंट्रिफ्यूजमध्ये फिरवली आणि ६५ अंशांच्या गरम पाण्यात धरली की पिवळसर स्तंभ पट्टीवर वाचता येतो. आम्ल धोकादायक, हात सराईत हवा. मास्तरांनी (सचिवांना गाव मास्तरच म्हणतं) हातमोजे घालून शाळेच्या ओट्यावर हे करून दाखवलं तेव्हा निम्मं गाव जमलं होतं.

एकाच नमुन्याचे तीन भाग केले. एक मशीनला, एक मास्तरांना, एक तालुक्याच्या प्रयोगशाळेला. मशीनवर तोच नमुना लागोपाठ अनेकदा लावला. रांगेच्या सुरुवातीला, मध्यावर आणि शेवटी पुन्हा लावला. जे आढळलं ते ‘सेट केलंय’ या एका शब्दात मावणारं नव्हतं.

हे मशीन दुधातून ध्वनिलहरी किती वेगाने जातात यावरून फॅट आणि एसएनएफ काढतं. दुधात हवेचे बुडबुडे असतील तर लहरी अडखळतात. धार काढून तडक आणलेल्या दुधावर फेस असतो आणि काकूंचं घर केंद्राला लागून. लांबून येणाऱ्यांचा फेस वाटेतच बसायचा. म्हणजे जवळ राहणाऱ्यांचं वाचन डळमळीत होतं.

दुसरं, नळीच्या आत दुधाचा थर साचत होता. रोज धुण्याचं अल्कधर्मी द्रावण आणि आठवड्याचं आम्लाचं द्रावण संपलं होतं. चालक नुसतं गरम पाणी फिरवायचा. त्यामुळे रांग जशी पुढे सरके तसा फॅट उतरत जाई. काकूंच्या दोन किटल्यांच्या कोड्याचा बराचसा उलगडा इथेच झाला. नळी नीट धुतल्यावर मशीनचा फॅट मास्तरांच्या फॅटशी जुळला.

तिसरं, एसएनएफ तरीही कमीच राहिला. त्याचं मूळ सूत्रात होतं. लॅक्टोमीटरच्या वाचनाला चारने भागायचं, त्यात फॅटचा ठरावीक हिस्सा मिळवायचा आणि शेवटी एक स्थिरांक मिळवायचा, असं हे सूत्र. हा स्थिरांक सगळीकडे एक नाही. या मशीनमध्ये तो ०.३६ भरलेला होता, नणंदेच्या डेअरीत ०.४४. फरक ०.०८ चा, म्हणजे जवळजवळ एक पॉइंट. दूध तेच, पण इथे लिटरला रुपया कमी. रोज २० लिटर घालणाऱ्याला महिन्याला ६०० रुपयांच्या आसपास. यात लपवाछपवी म्हणावी असं काही नव्हतं. पण मशीन बसवताना कुणी सांगितलं नव्हतं, आणि विचारावं हे कुणाला सुचणं शक्य नव्हतं.

चौथं कारण मात्र गोठ्यातलं निघालं. पशुवैद्यकाने सीएमटी द्रावणाने, म्हणजे कासेचा छुपा आजार दाखवणाऱ्या द्रावणाने, गाई तपासल्या. काकूंच्या एका गाईला आतल्या आत दगडी (कासदाह) होती. कास सुजलेली नव्हती, दूध फाटत नव्हतं, पण एसएनएफ खात होती. अशा गाई आणखी काही गोठ्यांत सापडल्या. उन्हाने एचएफ चारा कमी खाते आणि कडबा महाग म्हणून लोक ऊस कापून घालत होते. त्यानेही दुधाची प्रत उतरली होती. म्हणजे मशीन काही अंशी खरं बोलत होतं.

ही गोष्ट बैठकीत मांडणं सोपं नव्हतं. काहींना वाटलं, यामुळे डेअरीच्या हातात कोलीत जाईल. मास्तर आणि काकू यांनी आग्रह धरला की चारही कारणं एकत्रच सांगायची. मला हा निर्णय फार मोलाचा वाटतो. अर्धं सत्य घेऊन गेलेलं गाव पहिल्याच बैठकीत उघडं पडलं असतं.

पाच जणांची समिती झाली, तिघी बाया आणि दोघे पुरुष. पडदा रांगेकडे तोंड करून बसवला. धुण्याची नोंद भिंतीवर लागली आणि द्रावणाचा खर्च डेअरीने मान्य केला. फेस बसेपर्यंत थांबायचं, ओगराळ्याने तळापासून ढवळून नमुना घ्यायचा, शंका असेल तर दूध टाकीत ओतण्याआधी तिथेच पुन्हा तपासायचं, असं ठरलं. महिन्यातून एकदा मास्तरांच्या पद्धतीने पडताळणी आणि इंजिनिअर येईल तेव्हा समितीसमोरच जुळणी. स्थिरांकाबाबत डेअरीने नकार दिला. सगळ्या केंद्रांना तेच सूत्र आहे, एका गावासाठी बदलणार नाही, हे त्यांचं उत्तर.

पगार कुणाच्या हातात

पडताळणी चालू असताना बायकांच्या बोलण्यातून एक वेगळीच तक्रार पुढे आली आणि ती फॅटपेक्षा जुनी होती. रोखीचा पगार होता तेव्हा केंद्रावर दूध घेऊन जाणाऱ्या बाईच्या हातात पैसे पडायचे. किराणा, पोरांची फी, भिशी तिथूनच निघायची. पगार बँकेत जाऊ लागला तसा तो नवऱ्याच्या खात्यात गेला, कारण सभासद तो, मोबाइल त्याचा. धार काढणारी, शेण काढणारी, चारा कापणारी बाई आणि चिठ्ठीचा मेसेज नवऱ्याच्या खिशात. ‘दूध माझं, आकडा त्यांचा,’ असं एकजण म्हणाली.

मशीन बसवताना डेअरी, केंद्रचालक, गावकरी यांपैकी कुणीही हा प्रश्न विचारला नव्हता. आता समितीने घरोघरी जाऊन विचारलं. काही घरांत खातं बायकोच्या नावावर झालं, काही घरांत वाद झाला, बऱ्याच घरांत काहीच बदललं नाही. काकूंच्या घरी पगार सुनेच्या खात्यात जातो. ती हिशेब ठेवते आणि काकूंना रोज वाचून दाखवते.

जानेवारी २०२४ मध्ये राज्य सरकारने गाईच्या दुधाला लिटरमागे ५ रुपये अनुदान लागू केलं, तेव्हा या कामाचा उपयोग झाला. अनुदान थेट खात्यात, त्यासाठी खातं आधारशी जोडलेलं हवं आणि गाईच्या कानात बारा अंकी बिल्ला हवा, त्याची नोंद भारत पशुधन प्रणालीत हवी. समितीने खाती आणि नावं आधीच तपासलेली असल्याने बहुतेकांचं काम सुरळीत झालं. अडकले ते गाय एकाच्या नावावर, दूध दुसऱ्याच्या कोडवर अशी घरं. विकत घेतलेल्या गाईचा बिल्ला जुन्या मालकाच्याच नावावर राहिल्याचीही उदाहरणं होती.

निष्पत्ती

फॅटची तक्रार संपली. एसएनएफ पावसाळ्यात सुधारला, त्यात दगडीच्या उपचारांचा आणि कडब्याचा वाटा होता. उपचार चालू असताना दूध फेकावं लागलं, तो तोटा गरीब घरांना जास्त लागला. ज्यांच्यावर उचल नव्हती त्यांतले काही दुसऱ्या डेअरीकडे गेले, जिचा स्थिरांक मोठा होता. उचल असलेले राहिले. काकू राहिल्या, त्यांची उचल फिटायची होती. म्हणजे मोजमाप सगळ्यांसाठी नीट झालं, पण भाव निवडण्याची मोकळीक काहींनाच मिळाली. हे प्रकरण यशस्वी म्हणायला मी कचरतो ते यामुळे.

केंद्रचालकाचं काय झालं? त्याच्या केंद्राचा आणि डेअरीच्या दारातला फॅट जुळू लागला आणि त्याच्या खात्यातली वजावट थांबली. समितीचा सगळ्यात मोठा समर्थक आता तोच आहे.

वेगळं काय करता आलं असतं

जुनी आणि नवी पद्धत महिनाभर शेजारी शेजारी चालवता आली असती. मास्तर गावातच होते. मशीन बसलं त्या दिवशी लोकांनी पेढे खाल्ले, पण सूत्र, जुळणी, धुलाई आणि फेरतपासणी यांबद्दल एक ओळही लिहून घेतली नाही. त्या वेळी डेअरीला गावाचं दूध हवं होतं, तेव्हा अटी घालता आल्या असत्या. उचल घेतल्यावर त्या घालता येत नाहीत.

पशुवैद्यकाला शेवटी बोलावलं, तो पहिल्या आठवड्यात यायला हवा होता. दगडीची गाय जितकी उशिरा कळते तितकं तिचं दूध कायमचं घटतं. मशीनचे आकडे गोठ्याच्या आजाराची सूचना म्हणून वाचता येतात. एका कोडचा एसएनएफ आठवडाभर उतरत असेल आणि बाकीच्यांचा नसेल, तर त्या घरी जाऊन कास तपासावी. ही माहिती डेअरीच्या संगणकात पहिल्या दिवसापासून होती, पण तिच्यावरून फक्त कपात निघत होती. समितीने आता ही यादी दर पगाराला मागायला सुरुवात केली आहे. डेअरीने अजून ती दिलेली नाही, म्हणून काकूंची सून सभासदांच्या चिठ्ठ्या गोळा करून वहीत आकडे मांडते आणि उतरते कोड पशुवैद्यकाला फोनवर कळवते.